देवमाशांची मोजदाद

विद्यार्थिमित्रहो, देवमासा हा नांवानें मासा असला तरी जातीनें सस्तन प्राणी आहे, हें तुम्ही प्राणिशास्त्राच्या तासास शिकलां आहां. तो फुप्फुसांनीं श्वास घेतो. म्हणून अधूनमधून त्यास पाण्यावर यावेंच लागतें. ही साधी गोष्ट ध्यानांत ठेवा. पुढील सारा वाद तिच्यावरच उभा आहे.

अलास्काच्या अगदीं उत्तर टोकास उत्कियाग्विक नांवाचें गांव आहे. २०१६ पर्यंत त्यास बॅरो म्हणत. तेथें इनुपियाट लोक राहतात. जमीन खालीं बाराही महिने गोठलेली. धान्य पिकत नाहीं, झाड दृष्टीस पडत नाहीं. वसंत ऋतूंत किनाऱ्यालगतच्या बर्फास फट पडून पाण्याची वाट मोकळी होते, आणि त्या वाटेनें बोहेड जातीचा प्रचंड देवमासा पूर्वेकडे जाऊं लागतो. त्याची लांबी ६० फुटांपर्यंत असते. सीलच्या कातड्यानें मढविलेली 'उमियाक' नांवाची होडी घेऊन शिकारी बर्फाच्या कडेशीं दिवसेंदिवस वाट पाहात बसतात. शिकार साधली कीं सारें गांव दोर ओढावयास धांवतें. मांसाचे वांटे रूढीनें ठरलेले असून वृद्धांस व विधवांसहि ते पोंचतात. जूनमध्यें नलुकाटाक नांवाचा उत्सव होतो. त्यांत यशस्वी नाखवा सर्व गांवास जेवूं घालतो.

हा देवमासा दुर्मिळ झाला तो या लोकांमुळें नव्हे. १८४८ सालीं अमेरिकन जहाज प्रथम बेरिंगच्या सामुद्रधुनींतून तेथें शिरलें आणि मागून शेंकडों आलीं. त्यांस तेल हवें होतें, आणि देवमाशाच्या तोंडांतील लवचीक पट्ट्या हव्या होत्या. त्यांच्यापासून स्त्रियांच्या घट्ट कंचुक्या, छत्र्या व चाबूक होत. पुढें पोलादी तारा स्वस्त झाल्या, फॅशन पालटली आणि धंदा बसला. जहाजें निघून गेलीं. इनुपियाट तेथेंच राहिले.

१९७७ सालीं आंतरराष्ट्रीय देवमासा आयोगानें त्यांची पिढीजात शिकार बंद केली. शास्त्रज्ञांच्या हिशेबानें देवमासे फार तर २,००० उरले होते. त्या दशकांत शिकार वाढली होती, व घायाळ होऊन निसटणारे देवमासेहि पुष्कळ असत, हेंहि सांगितलें पाहिजे. वाटाघाटी होऊन १९७८ करितां ९ गांवांना मिळून १२ देवमासे आणण्याची, किंवा १८ वर भाला टाकण्याची, परवानगी मिळाली. एवढ्यांत हिंवाळा कसा निघावा?

शिकाऱ्यांचें म्हणणें निराळेंच होतें. हॅरी ब्राउअर नांवाच्या अनुभवी नाखव्यानें टॉम आल्बर्ट या शास्त्रज्ञास सांगितलें कीं, देवमासे बर्फाखालूनहि जातात व किनाऱ्यापासून दूर, दृष्टीपलीकडूनहि जातात. मोजणारे बर्फाच्या कडेवर बसून, जेवढे दिसतील तेवढेच मोजीत होते. श्वासावांचून न जगणारा प्राणी बर्फाखालून कसा जाईल, ही शंका वावगी नव्हती. शिकारी म्हणाले, तो मस्तकानें बर्फ फोडतो, फुगवट्याशीं श्वास घेतो आणि पुढें जातो.

आम्ही गणित शिकवितों. मोजणाऱ्यांची बेरीज चुकली असें आम्हांस म्हणावयाचें नाहीं. त्यांची बैठक चुकली. १९८० नंतरच्या दशकांत पाण्याखालील ध्वनि टिपणारीं यंत्रें सोडलीं, तेव्हां डोळ्यांस एकहि देवमासा दिसत नसतां त्यांचे आवाज ऐकूं येऊं लागले. गंमत अशी कीं, वल्हें पाण्यांत धरून त्याच्या दांड्यास कान लावण्याची युक्ति शिकाऱ्यांना पूर्वापार ठाऊक होती.

२००१ च्या मोजणींत देवमासे सुमारें १०,००० भरले व २०११ च्या मोजणींत सुमारें १७,०००. यांत कांहीं भाग पूर्वीं न दिसलेल्यांचा, तर कांहीं खऱ्या वाढीचा. कारण शिकारी मर्यादा पाळीत आले, आणि मोजणीचा बराचसा खर्च त्यांच्याच स्थानिक सरकारनें सोसला. मर्यादा अद्याप आहेच. ती दर कांहीं वर्षांनीं नव्यानें ठरते, आणि १९७७ सालींच स्थापन झालेलें शिकाऱ्यांचें मंडळ ती गांवोगांव वांटून देतें.