पाच वर्षांची शिक्षा

आप्पा प्राथमिक शिक्षक होते. निवृत्तीनंतर हाती आलेल्या रकमेतला मोठा वाटा त्यांनी गावातल्या पतपेढीत ठेवला आणि तीन वर्षांत पतपेढीला टाळं लागलं. ती ठेव पावती अजून माझ्याकडे आहे. फिकट गुलाबी कागद, व्यवस्थापकाची निळ्या शाईतली सही, आणि 'मुदत संपल्याची तारीख' या शब्दांखाली आप्पांनी पेन्सिलीनं ओढलेली रेघ. गुन्हा दाखल झाला, संचालक जामिनावर सुटले, तारखा पडत राहिल्या. हे असं का होतं ते कळावं म्हणून मी फसवणुकीच्या खटल्यांवरची पुस्तकं वाचायला घेतली. बहुतेक अमेरिकेतली, कारण एकेका खटल्यावर चारपाचशे पानं लिहिणारे पत्रकार तिथे पुष्कळ. बारा-तेरा वर्षांच्या वाचनातून जे उमगलं ते सांगते.

१. आधी गुणाकार करा, मग माणूस बघा.

मिचेल झुकॉफ यांचं 'पॉन्झीज स्कीम' हे मी वाचलेलं यातलं पहिलं पुस्तक. १९२० साली बॉस्टनमध्ये चार्ल्स पॉन्झी ४५ दिवसांत ५० टक्के नफा देऊ म्हणत होता. युरोपात स्वस्तात घेतलेली टपालाची आंतरराष्ट्रीय कूपनं अमेरिकेत वटवून हा नफा होतो, असं तो सांगे. क्लॅरन्स बॅरन या अर्थपत्रकारानं साधा हिशोब मांडला: एवढा पैसा या धंद्यात लावायचा तर सुमारे १६ कोटी कूपनं लागतील, आणि चलनात आहेत जेमतेम २७ हजार. हिशोब छापून आल्यावरही रांगा लागतच होत्या.

आप्पांनी आयुष्यभर चौथीच्या मुलांना सरळव्याज शिकवलं. इतर बँकांपेक्षा दोन टक्के जास्त व्याज ही पतपेढी कुठून देते, हे त्यांनी विचारलं नाही, कारण व्यवस्थापक त्यांचाच विद्यार्थी होता. फसवणूक हुशारीवर चालते असं लोक म्हणतात. मला ती ओळखीवर चालताना दिसली.

२. खटला आरोपपत्राचा चालतो, झालेल्या नुकसानीचा नाही.

एन्रॉन या अमेरिकी ऊर्जा कंपनीची गोष्ट आम्हा रत्नागिरीकरांना नवी नाही. गुहागर तालुक्यातला दाभोळ प्रकल्प, त्याविरुद्धची आंदोलनं, वीज मंडळाला न झेपलेली बिलं आणि २००१ साली बंद पडलेली वीजनिर्मिती हे सगळं आम्ही जवळून पाहिलं. त्यामुळे बेथनी मॅकलीन आणि पीटर एल्काइंड यांचं 'द स्मार्टेस्ट गाइज इन द रूम' मी मोठ्या आशेनं उघडलं. त्यातून ताळेबंद कसा फुगवतात ते नीट समजलं. पुढच्या वीस वर्षांत होईल असा अंदाज असलेला नफा करारावर सही झाली की आजच्याच वहीत जमा करायचा, आणि कर्ज लपवायला निराळ्या कंपन्या काढायच्या.

मे २००६ मध्ये ह्यूस्टनच्या ज्युरीनं एन्रॉनचे प्रमुख केनेथ ले आणि जेफ्री स्किलिंग यांना दोषी धरलं. पण तो खटला गुंतवणूकदारांची दिशाभूल केल्याचा होता. दाभोळच्या विजेचा दर तिथे कुणी तपासायला घेतला नव्हता. शिक्षा सुनावण्याआधीच जुलैमध्ये ले वारले आणि अपील करायला आरोपीच उरला नाही म्हणून त्यांची दोषसिद्धीही रद्द झाली.

थेरानोस या रक्तचाचणी कंपनीचंही तसंच. कंपनीचं बिंग कसं फुटलं ते जॉन कॅरीरू यांच्या 'बॅड ब्लड'मध्ये आहे. खटला पुस्तकानंतर उभा राहिला. गर्भ टिकत नाही असा चुकीचा अहवाल हातात पडलेली एक बाई त्यात साक्षीला आली होती. जानेवारी २०२२ मध्ये ज्युरीनं कंपनीच्या संस्थापक एलिझाबेथ होम्स यांना चार आरोपांत दोषी ठरवलं. चारही गुंतवणूकदारांच्या फसवणुकीचे. रुग्णांच्या फसवणुकीच्या आरोपांतून त्या सुटल्या. नुकसान दाखवणं सोपं असतं. त्याच माणसाला फसवायचा हेतू होता, हे सिद्ध करणं फार अवघड.

३. बहुतेक वेळा खटला उभाच राहत नाही.

गुंतवणूकदारांना फसवणाऱ्या बर्नार्ड मेडॉफनं मार्च २००९ मध्ये गुन्हा कबूल केला, जूनमध्ये त्याला १५० वर्षांची शिक्षा झाली. ना ज्युरी, ना उलटतपासणी. हॅरी मार्कोपोलोस हा गृहस्थ कितीतरी वर्षं नियामकांना लेखी इशारे देत होता, पण नियामकांच्या कार्यालयात नेमकं काय घडलं ते भर कोर्टात उघडं पडायची संधी गेली. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानंच २०१२ साली नोंदवलंय की संघीय न्यायालयांतल्या ९७ टक्के दोषसिद्धी कबुलीतून येतात. विल्यम स्टंट्झ यांचं 'द कोलॅप्स ऑफ अमेरिकन क्रिमिनल जस्टिस' वाचल्यावर याचा अर्थ कळतो: ज्युरीच्या हातातलं वजन सरकारी वकिलाच्या हाती गेलंय.

४. ठगाच्या पुस्तकाशेजारी चोराचं पुस्तक ठेवा.

हे मला फार उशिरा सुचलं, आणि सगळ्यात जास्त यातूनच शिकले. पॉन्झीनं हजारो लोकांचे लाखो डॉलर बुडवले. संघीय न्यायालयात त्याला शिक्षा झाली पाच वर्षं, त्यातली साडेतीन त्यानं भोगली.

मग डेव्हिड ओशिन्स्की यांचं 'वर्स दॅन स्लेव्हरी' वाचलं. मिसिसिपीत १८७६ साली एक कायदा झाला. एखादं डुक्कर चोरलं तरी पाच वर्षांपर्यंत कैद. गुलामगिरी संपल्यावर कृष्णवर्णीयांना पुन्हा मजुरीला जुंपण्यासाठी तो वापरला गेला, कारण असे कैदी मळेवाल्यांना भाड्यानं दिले जात.

त्यानंतर अँथनी लुईस यांचं 'गिडियन्स ट्रम्पेट'. फ्लोरिडातल्या पनामा सिटीत १९६१ साली एका बिलियर्डच्या अड्ड्यात चोरी झाली. गेली थोडी चिल्लर आणि दारूच्या बाटल्या. क्लॅरन्स गिडियननं कोर्टाकडे वकील मागितला, मिळाला नाही. त्यानं आपली बाजू आपणच मांडली. शिक्षा पाच वर्षं! तुरुंगातल्या रेघी कागदावर पेन्सिलीनं त्यानं सर्वोच्च न्यायालयाला अर्ज लिहिला, आणि १९६३ साली निकाल लागला की गरीब आरोपीला सरकारनं वकील दिलाच पाहिजे. फेरखटल्यात वकिलानं मुख्य साक्षीदाराची उलटतपासणी घेतली आणि ज्युरीनं गिडियनला निर्दोष सोडलं. माणूस तोच, आरोप तोच, फक्त शेजारी वकील होता.

टेक्सासमध्ये तीन किरकोळ फसवणुका, मिळून २३० डॉलरच्या आतल्या, केल्याबद्दल एकाला जन्मठेप झाली आणि १९८० साली सर्वोच्च न्यायालयानं ती कायम ठेवली. त्याच टेक्सासमध्ये स्किलिंगची २४ वर्षांची शिक्षा पुढे १४ वर आली. ही कागदपत्रं शेजारी ठेवून वाचल्यापासून 'कायदा कमजोर आहे' असं मी म्हणत नाही. कुणापुढे कमजोर, ते आधी बघते.

५. शिक्षा आणि पैसा यांच्या वाटा वेगळ्या.

मेडॉफ तुरुंगात गेल्यानं कुणाला दमडी मिळाली नाही. बहुतेक पैसे मिळाले ते न्यायालयानं नेमलेल्या विश्वस्तामुळे. मुद्दलापेक्षा जास्त ज्यांनी काढलं होतं, त्यांच्याकडूनही या विश्वस्तानं रक्कम परत मागितली आणि १४ अब्ज डॉलरहून अधिक गोळा केले. आमच्या पतपेढीत हे काम अवसायकाकडे, म्हणजे पतपेढी गुंडाळण्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे होतं. आम्ही मात्र सगळा जीव फौजदारी खटल्यात अडकवला आणि अवसायकाकडे दावा उशिरा लावला. तुमचे पैसे अडकले असतील तर मुदतीच्या आत लेखी दावा लावा, पोच घ्या.

६. तारखेला हजर राहा.

पतपेढीच्या खटल्यात पहिल्या तारखेला कोर्टाच्या व्हरांड्यात उभं राहायला जागा नव्हती. पाचव्या तारखेला आम्ही चारजण होतो, आणि संचालकांचे वकील सहा. कोर्ट सगळ्यांना खुलं असतं, त्यासाठी ठेवीदारच असावं लागत नाही. तुमच्या तालुक्यात असा खटला चालू असेल तर एकदा तरी जाऊन मागच्या बाकावर बसा.