इन्कम टॅक्स रिफंड किती दिवसांत येतो? त्या पैशावर ऑर्डर घेण्याआधी हे वाचा



मागच्या व्हिडिओत आपण टीडीएस म्हणजे काय ते पाहिलं. त्यानंतर सगळ्यात जास्त विचारला गेलेला प्रश्न एकच: "सर, कापलेले पैसे परत कधी मिळतात?" एका ओळीत उत्तर देता येईल, पण त्या एका ओळीवर विसंबून आपल्या बॅचमधल्या नाशिकच्या एका ताईंची गेल्या दिवाळीत चांगलीच अडचण झाली. म्हणून आज जरा सविस्तर.

ताई इंटिरियर डेकोरेशनची कामं करतात. 2023-24 या वर्षात त्यांची 8 लाखांची बिलं झाली, सगळी कंपन्यांकडून. प्रत्येक बिलातून 10 टक्के टीडीएस कापला गेला, म्हणजे 80,000 रुपये. अंदाजित नफ्याच्या योजनेत त्यांचं उत्पन्न निम्मं, म्हणजे 4 लाख धरलं. नव्या करप्रणालीत त्या वर्षी 7 लाखांपर्यंत रिबेट होता, त्यामुळे टॅक्स शून्य. पूर्ण 80,000 परत मिळायला हवे होते.

27 जुलै 2024 ला त्यांनी रिटर्न भरला, पावती नंबर आला, आणि त्यांना वाटलं काम झालं. प्लायवूडवाल्याला सांगून टाकलं, "रिफंड आला की तुमचं देते." त्यावर दिवाळीच्या दोन ऑर्डरीही घेतल्या. सप्टेंबर उजाडला तरी पैसे नाहीत. 14 तारखेला पोर्टल उघडून पाहिलं तर रिटर्नचं ई-व्हेरिफिकेशनच बाकी!

इथेच मेख आहे. रिफंडचं घड्याळ रिटर्न भरल्यावर नाही, व्हेरिफाय केल्यावर सुरू होतं. आधार ओटीपीने दोन मिनिटांचं काम असतं, पण ते 30 दिवसांच्या आत करावं लागतं. उशीर झाला तर ज्या दिवशी व्हेरिफाय कराल तीच रिटर्न भरल्याची तारीख धरली जाते. ताईंची मुदत 31 जुलैची होती. त्यांचा रिटर्न सरळ उशिराचा ठरला आणि 1,000 रुपये लेट फी लागली. प्लायवूडवाल्याने उधारी बंद केली. शेवटी बांगड्या गहाण ठेवून माल उचलला. रिफंड आला, पण दिवाळी झाल्यावर.

आता मूळ प्रश्न. खात्याच्या पोर्टलवर सांगितलंय की व्हेरिफिकेशननंतर साधारण 4 ते 5 आठवडे लागतात. साधा रिटर्न असेल तर त्याआधीही येतो. पण कायद्याने बंगळुरूच्या प्रोसेसिंग सेंटरला, ज्या आर्थिक वर्षात रिटर्न भरला ते वर्ष संपल्यावर 9 महिने मिळतात. म्हणजे जुलै 2024 मध्ये भरलेल्या रिटर्नसाठी 31 डिसेंबर 2025 पर्यंत! धंद्याचं प्लॅनिंग करताना मी तरी 5 आठवडे धरणार नाही. रिफंड खात्यात जमा होईपर्यंत तो गल्ल्यात नाही असंच समजायचं.

उशीर होण्याची बाकीची कारणं बहुतेक आपल्याच हातातली असतात. बँक खातं पोर्टलवर प्री-व्हॅलिडेट केलेलं नसतं, किंवा पॅनवर एक नाव आणि खात्यावर दुसरं. दुकानाच्या नावाने करंट खातं असेल तर हे आवर्जून बघा. रिफंड फेल झाला तर खातं दुरुस्त करून 'रिफंड रीइश्यू'ची विनंती टाकावी लागते, तो आपोआप परत येत नाही. जुन्या एखाद्या वर्षाची टॅक्स डिमांड निघत असेल तर रिफंड तिच्यात वळता करण्याआधी नोटीस येते. उत्तराला 21 दिवस असतात, ई-मेल बघत चला.

आणि एक गोष्ट, जी घाईघाईत रिटर्न भरणाऱ्यांना महागात पडते. जानेवारी ते मार्चचा टीडीएस रिटर्न भरायला तुमच्या ग्राहक कंपनीला 31 मेपर्यंत मुदत असते. तोवर ती कपात 26एएसमध्ये दिसेलच असं नाही. मेच्या सुरुवातीला रिटर्न भरलात आणि आकडे जुळले नाहीत, तर रिफंड कमी होतो किंवा अडकतो. जूनच्या मध्यावर 26एएस बिलांशी ताडून पाहा, कमी दिसलं तर कंपनीच्या अकाउंट्सवाल्यांना फोन करा.

उशिराबद्दल व्याजही मिळतं, महिन्याला अर्धा टक्का. रिटर्न वेळेत असेल तर 1 एप्रिलपासून, उशिराचा असेल तर भरल्याच्या तारखेपासून. ताईंच्या 80,000 वर हे महिन्याला 400 होतात, म्हणजे एप्रिलपासूनचे महिने हातचे गेले. रिफंडची रक्कम ठरलेल्या टॅक्सच्या 10 टक्क्यांहून कमी असेल तर मात्र व्याज नाही. मिळालेलं व्याज पुढच्या रिटर्नमध्ये उत्पन्न म्हणून दाखवायचं, हे बरेच जण विसरतात.

"तुमचा रिफंड मंजूर झाला, लिंकवर क्लिक करा" असा मेसेज आला तर डिलीट करा. स्टेटस बघायचं ते पोर्टलवर लॉगिन करून, 'व्ह्यू फाइल्ड रिटर्न्स'मध्येच.

ताईंनी यंदा काय केलं? दरवर्षी टॅक्स शून्य येत असेल तर कमी दराने टीडीएस कापण्याच्या सर्टिफिकेटसाठी ऑनलाइन अर्ज करता येतो. तो त्यांनी केलाय. त्याची कागदपत्रं कशी लावायची ते पुढच्या व्हिडिओत दाखवतो.