पडदा एक, वाटा तीन



शरीरशास्त्राच्या तासाला आम्ही एकदा छाती व पोट यांना विभागणाऱ्या पडद्याची आकृती फळ्यावर काढीत होतो. इतक्यात एका विद्यार्थ्याने प्रश्न केला, "सर, श्वास घेताना हा पडदा आवळतो, तर त्यातून जाणाऱ्या नळ्या चेंगरत कशा नाहीत?" आम्ही पडलो कलाशाखेचे पदवीधर! उत्तर दुसऱ्या दिवशी देण्याचे कबूल करून आम्ही ग्रंथ उघडले. आणि जे आढळले ते सर्वांनाच सांगावेसे वाटले.

या पडद्यास मध्यपटल म्हणतात. तो घुमटाच्या आकाराचा असून त्याच्या कडा स्नायूंच्या व मध्यभाग चिवट कंडरेचा असतो. स्नायू आकुंचन पावले की घुमट खाली उतरतो, छातीची पोकळी वाढते आणि हवा फुप्फुसांत शिरते. पडदा अखंड असता, तर शरीराच्या वरच्या व खालच्या भागांतील व्यवहारच थांबला असता. म्हणून येथे तीन मोठ्या वाटा आहेत. छातीच्या १२ मणक्यांपैकी ८ व्या, १० व्या व १२ व्या मणक्यांच्या पातळीवर त्या साधारणतः आढळतात.

पहिली वाट अधोमहानीलेची. शरीराच्या खालच्या भागातील अशुद्ध रक्त हृदयाकडे नेणारी ही नीला पातळ भित्तीची, सहज दबणारी. परंतु तिचे छिद्र स्नायूत नसून कंडरेत, मध्यरेषेच्या किंचित उजवीकडे आहे. श्वास घेताना कंडरा ताणली जाते व छिद्र उलट रुंदावते; रक्ताची वाट अधिकच मोकळी होते.

दुसरी वाट अन्ननलिकेची. ती थोडी डावीकडे, स्नायूंच्या वेढ्यातून जाते. येथे आवळणेच हितकर. श्वासाबरोबर पोटातील दाब वाढतो. त्याच वेळी हा वेढा घट्ट होऊन जठरातील आम्लास वर चढू देत नाही.

तिसरी महारोहिणीची. हृदयातून निघालेले रक्त खाली नेणारी ही रोहिणी वस्तुतः पडद्यातून जातच नाही. त्याच्या मागून, कण्याला लागून उतरते. त्यामुळे पडदा आवळला तरी ती दाबली जात नाही.

ही व्यवस्था बिघडली म्हणजे तिचे मोल कळते. अन्ननलिकेची वाट सैल झाली, तर जठराचा भाग छातीत सरकतो व जळजळ होऊ लागते. यास हायाटस हर्निया म्हणतात. गर्भावस्थेत पडदा पूर्ण जुळला नाही, तर आतडी छातीत शिरतात आणि बालकाची फुप्फुसे नीट वाढत नाहीत. अशा बालकाचा श्वास जन्मतःच अडतो व त्यावर शस्त्रक्रिया करावी लागते.

पडदा एकच, पण एक वाट तो रुंदावतो, दुसरी आवळतो, तिसरीला मुळीच अडवीत नाही. हे आम्हांस एका विद्यार्थ्याच्या शंकेने शिकविले. तेव्हा, मित्रहो, शंका विचारण्यास कधी संकोचू नका. शिक्षकाला उत्तर येत नसले तरीही!