सार्वजनिक काका

१ जानेवारी १८७७ रोजी दिल्लीस मोठा दरबार भरला होता. इंग्लंडची राणी व्हिक्टोरिया ही हिंदुस्थानची सम्राज्ञी झाल्याचे त्या दरबारात जाहीर व्हावयाचे होते. संस्थानिक उंची, जरतारी वस्त्रे लेवून आले होते. त्या थाटामाटात जाड्याभरड्या खादीचा साधा पोशाख केलेले एक गृहस्थ उठून दिसत होते. ते पुण्याचे वकील गणेश वासुदेव जोशी होते.

गणेश वासुदेवांचा जन्म १८२८ साली सातारा येथे झाला. पुढे पुण्यास येऊन त्यांनी वकिली सुरू केली. पक्षकाराचे गाऱ्हाणे न्यायाधीशापुढे मांडावे, हे वकिलाचे काम. परंतु साऱ्या रयतेचे गाऱ्हाणे सरकारपुढे कोणी मांडावे? त्या काळी कायदेमंडळात लोकांनी निवडलेला एकही प्रतिनिधी नव्हता. कोणी बोलू लागला, तर 'तुम्हांला हा अधिकार कोणी दिला?' असा प्रश्न सहज उभा राही.

या प्रश्नाचे उत्तर गणेश वासुदेवांनी वकिलाच्याच रीतीने शोधले. पर्वती देवस्थानाच्या कारभाराविषयी पुण्यात असंतोष होता. ते निमित्त होऊन २ एप्रिल १८७० रोजी पुण्यास सार्वजनिक सभा स्थापन झाली. निदान ५० प्रौढ माणसांच्या सह्यांचे मुखत्यारपत्र, म्हणजे आपल्या वतीने बोलण्याचा लेखी अधिकार, जो आणील त्यालाच सभासद होता येई. पुढे न्यायमूर्ती महादेव गोविंद रानडे यांचे मार्गदर्शन सभेस लाभले. १८७६ ते १८७८ च्या भीषण दुष्काळात सभेने गावोगावची हकीकत गोळा करून सरकारपुढे ठेवली. सभेसाठी अहोरात्र झटणाऱ्या गणेश वासुदेवांना लोक प्रेमाने 'सार्वजनिक काका' म्हणू लागले.

आपल्या देशातील धंदे जगावेत म्हणून १८७२ साली काकांनी स्वदेशीचे व्रत घेतले. ते स्वतः सूत कातीत व खादीच वापरीत. दिल्लीस ते सभेचे प्रतिनिधी म्हणून गेले, तेही त्याच पोशाखात. ब्रिटिश प्रजेस जे हक्क आहेत, तेच हिंदी प्रजेस मिळावेत, अशी मागणी सभेच्या मानपत्रात केलेली होती.

काकांची खरी कसोटी १८७९ साली लागली. सशस्त्र बंड करणारे वासुदेव बळवंत फडके पकडले गेले व पुण्यात त्यांच्यावर खटला उभा राहिला. काकांचा मार्ग सनदशीर होता, बंडाचा नव्हता. शिवाय राजद्रोहाच्या आरोपीची बाजू घेणे म्हणजे सरकारची इतराजी ओढवून घेणे होते. तरीही काकांनी फडक्यांचे वकीलपत्र घेतले. मत भिन्न असले, तरी प्रत्येकाची बाजू न्यायासनापुढे मांडली गेलीच पाहिजे, हा वकिलाचा धर्म त्यांनी पाळला. फडक्यांना जन्मठेपेची शिक्षा होऊन एडनला पाठविण्यात आले.

पुढच्याच वर्षी, २५ जुलै १८८० रोजी, काकांचे निधन झाले. ज्यांना बोलता येत नव्हते, त्यांच्या वतीने बोलण्यात त्यांनी आपले आयुष्य वेचले. लोकांनी दिलेले 'सार्वजनिक' हे नाव त्यांनी सर्वार्थाने सार्थ केले.