अनुनाद

मुलांनो, बाळकुमच्या एखाद्या अंगणात धाकट्या बहिणीला झोका देणारा मुलगा तुम्ही पाहिला असेल. तो फार जोर लावीत नाही. झोका मागे येऊन परतू लागला, की नेमका त्याच क्षणी तो हलकेच ढकलतो. आणि झोका उंच उंच जातो.

प्रत्येक वस्तूची कंप पावण्याची स्वतःची गती असते. तिच्याशी जुळणारे धक्के मिळत गेले, की कंप वाढत जातो. यालाच अनुनाद म्हणतात.

मिरजेचे तंबोरे प्रसिद्ध आहेत. तंबोऱ्याच्या मधल्या दोन तारा एकाच स्वरात लावतात. एकीवर कागदाचा चिमुकला तुकडा ठेवून दुसरी छेडा. तो थरथरू लागेल. दुसरीचा स्वर उतरवून पुन्हा छेडा. कागद जवळजवळ स्तब्ध राहील.

हीच शक्ती घातही करते. इंग्लंडमधील ब्रॉटनचा झुलता पूल १८३१ साली सैनिकांच्या एका तालातील पावलांनी कोसळला. म्हणून पुलावरून जाताना सैनिक ताल मोडतात.

कंपनांनी अदृश्य लोक स्थिर राहतात, असे कोणी सांगेल. ती कल्पना कथेत रमणीय वाटेल. परंतु सत्य मानण्यापूर्वी विचारा, ‘येथे थरथरणारा कागद कोठे आहे?’

प्रश्न : सैनिक पुलावर ताल का मोडतात?