नोकरनामा, सातबारा आणि तारीख

कर्जत-खालापूरच्या कोर्टांत वकिली करताना परमिट रूम आणि देशी दारूच्या दुकानांच्या सरकारी थकबाकीची बरीच प्रकरणं हातून गेली. जिंकलेली थोडी.

१. धंद्याच्या हक्कावर बोलू नये.
पहिल्या याचिकेत मी व्यवसायस्वातंत्र्यावर अकरा पानं खर्ची घातली होती. न्यायमूर्तींनी ती उलटलीही नाहीत. "कबूल रक्कम किती? भरली का?" एवढंच विचारलं. परवान्याच्या अटी मान्य करायच्या आणि सौदा अंगाशी आला की हात वर करायचे, हे चालणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने पंजाबच्या ठेकेदारांना हरशंकर प्रकरणात १९७५ सालीच सुनावलं होतं. दारू विकणं हा मूलभूत हक्क नाही, हेही तिथेच. आता मी फक्त हिशेबावर भांडतो. फी कोणत्या वर्षाची, दर कोणत्या लोकसंख्येचा, व्याज कधीपासून. फी गावाच्या लोकसंख्येवर ठरते, त्यामुळे फरकाच्या मागणीत चुका निघू शकतात.

२. परवाना ज्याच्या नावावर, थकबाकी त्याच्याच गळ्यात.
खालापूर तालुक्यातले एक आजोबा आले. देशीचा परवाना वडिलोपार्जित. दुकान मात्र दुसराच चालवायचा आणि यांना महिन्याला ठरलेली रक्कम द्यायचा. फी तुंबली तसा तो गडी गायब. "वकीलसाहेब, मी त्या दुकानाची पायरी चढलो नाही वो कधी!" आजोबांचं खरंच होतं. पण चालवणाऱ्याच्या नावाने नोकरनामा होता आणि त्यावर आजोबांची सही होती. तो नोकर, हे मालक. नोकर नव्हता म्हणावं तर परवाना परस्पर दुसऱ्याला चालवायला दिला, ही अटभंगाची कबुली होते. होता म्हणावं तर पैसे यांनी भरायचे. दोन्हीकडून दार बंद. मी हप्ते मागितले, ते मिळाले. नोकरनाम्यावर सही करण्याआधी चालवणाऱ्याकडून वर्षाची फी आगाऊ घेऊन ठेवा, असं तेव्हापासून मी प्रत्येकाला सांगतो. ऐकतं कोण?

३. खरी धास्ती सातबाऱ्याची.
दारूबंदी कायद्याच्या कलम ११४ मुळे ही बाकी जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल होते. म्हणजे पुढचं सगळं १९६६ च्या महसूल संहितेप्रमाणे: आधी मागणीची नोटीस, मग जप्ती, लिलाव, अटकेचीही तरतूद. परवाना गेला तर इथल्या माणसाला झोप लागते, पण 'इतर हक्कात' बोजा चढला की उडते. कर्जतकडे फार्महाऊसवाले जमिनीला काय भाव देतात ते सगळ्यांना ठाऊक आहे, आणि घेणाऱ्याचा वकील आधी तोच रकाना वाचतो. एका घरात थकबाकी धाकट्याची, बोजा तिघा भावांच्या सामाईक गटावर. थोरल्याने मुलीच्या लग्नासाठी जमीन काढली तेव्हा ते उघड झालं. फेरफाराची नोटीस आली होती, पण कोणी फोडलीच नव्हती. तेव्हाच हरकत घेतली असती, तर बोजा धाकट्याच्या हिश्शापुरता राहावा यासाठी भांडता आलं असतं. थोरल्याने शेवटी भावाची बाकी स्वतः भरली. दोघे अजून बोलत नाहीत.

४. शटर ओढलं म्हणजे फी थांबली असं नाही.
महामार्गापासून ५०० मीटरच्या आतली दारूविक्री सर्वोच्च न्यायालयाने १ एप्रिल २०१७ पासून बंद केली. वीस हजारांपर्यंत लोकसंख्येच्या गावांना अंतर २२० मीटर. जुन्या मुंबई-पुणे रस्त्यावर एका दिवसात शुकशुकाट झाला. नगरपालिका हद्दीला ११ जुलैला सूट मिळाली, म्हणजे खोपोलीची सोय झाली. ग्रामपंचायतींना फेब्रुवारी २०१८ पर्यंत वाट पाहावी लागली. माझ्या एका अशिलाने त्या काळात ना परवाना परत केला, ना एक अर्ज दिला. नूतनीकरणाला गेला तेव्हा त्याच्या हाती मागणीचा कागद पडला. बंदीचा काळ वजा करा म्हणायला त्याच्याकडे आवक शिक्क्याची एक चिठ्ठीसुद्धा नव्हती.

५. घाटापलीकडे दुकान, अलीकडे जमीन.
मावळात परवाना आणि खालापुरात शेत असेल, तर पुण्याच्या जिल्हाधिकाऱ्यांचा थकबाकीचा दाखला अलिबागच्या जिल्हाधिकाऱ्यांकडे येतो आणि वसुली इथे सुरू होते. ही १८९० च्या महसूल वसुली कायद्यातली सोय. देणं नाकबूल असेल तर पैसे भरतानाच लेखी निषेध नोंदवायचा आणि परताव्याचा दावा लावायचा, तोही पुण्यात.

६. सरकारचा नंबर नेहमी पहिला नसतो.
बँकेकडे गहाण असलेल्या, केंद्रीय नोंदणीत चढलेल्या मालमत्तेवर बँकेचा हक्क आधी, असं मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने ऑगस्ट २०२२ मध्ये जळगाव जनता सहकारी बँकेच्या प्रकरणात सांगितलं. तिथली थकबाकी विक्रीकराची होती, दारूच्या फीची नव्हती. सरकारी वकील पहिल्यांदा तिकडेच बोट दाखवतात. तरी एका लिलावात बार विकत घेतलेल्या माणसासाठी मी तो निकाल जोडलाय. पुढची तारीख पडलीय. सकाळची कर्जत लोकल पकडून फोर्टातल्या हायकोर्टात जायचं.