'वसवलं' म्हणजे नेमकं काय केलं?

बऱ्हाणपूरबद्दल कुठेही वाचा, पहिलं वाक्य ठरलेलं असतं: फारुकी घराण्यातल्या नासिरखानाने चौदाव्या शतकाच्या अखेरीस तापीकाठी हे शहर वसवलं आणि सूफी संत बुऱ्हाणुद्दीन गरीब यांचं नाव त्याला दिलं. वाक्य खरं आहे. मी अडते ती क्रियापदापाशी. व्याकरणाच्या तासाला आपण शिकलो, 'वसणे'चं प्रयोजक रूप 'वसवणे'. त्याला वसवणारा कर्ता लागतो. तो आला की आधीपासून वसलेली माणसं वाक्यातून गळतात.

असीरगडच घ्या ना. बऱ्हाणपूरच्या उत्तरेला, नर्मदा आणि तापीच्या खोऱ्यांना जोडणाऱ्या सातपुड्यातल्या वाटेवर हा किल्ला आहे. फिरिश्ता सांगतो, की तो आसा अहीर नावाच्या, गुराढोरांनी संपन्न अशा प्रमुखाचा होता. नासिरखानाने घरच्या बायकांसाठी आसरा मागितला, आणि डोल्यांतून सैनिक आत घातले. फिरिश्ता हे दोनशे वर्षांनी लिहितोय, म्हणून डोल्यांची गोष्ट जपूनच घ्यावी. पण जागा रिकामी नव्हती, एवढं या दरबारी इतिहासकारालाही मान्य आहे.

आसाचं निदान नाव तरी उरलं. डोंगरातल्या भिल्ल-कोरकूंच्या वाट्याला तेही नाही. त्यांच्यासाठी पुरावा वेगळीकडे शोधावा लागतो, आणि इथे भाषेचे विद्यार्थी कामाला येतात. कोरकू ही मुंडा कुळातली, संथाळीची नातेवाईक, त्या कुळातली सर्वांत पश्चिमेकडची भाषा. चहूकडे मराठी, हिंदी, भिली, गोंडी. मध्येच हे बेट. असं बेट एक-दोन पिढ्यांत तयार होत नाही.

बऱ्हाणपूरच्या जामा मशिदीत (सन 1590) अरबीबरोबर संस्कृत शिलालेखही आहे. गाईड तो कौतुकाने दाखवतात, कौतुक करण्यासारखा आहेच. मात्र तिथली तिसरी भाषा, डोंगरातली, भिंतीवर नाही. कोरकूंचं लिखाण दगडावर नव्हतंच. मेलेल्यांच्या आठवणीसाठी ते कोरीव लाकडी खांब उभारतात. चारशे वर्षांच्या पावसात लाकडाचं काय होणार!

2011च्या जनगणनेत बऱ्हाणपूर जिल्ह्यात दर दहा माणसांमागे सुमारे तीन आदिवासी होते. त्यामुळे मंडळाची सहल तिकडे ठरलीच, तर कुंडी भंडारा आणि मशीद पाहून लगेच परत फिरू नका. एक दिवस खकनार भागासाठी ठेवा, आणि कोरकू बोलणारं कुणीतरी सोबत घ्या.